शहाणपणाची अट

पॉल लेनी या जर्मन दिग्दर्शकाने हॉलिवूडमध्ये केलेला ‘द कॅट अँड द कॅनरी’ (१९२७) हा मूकपट झपाटलेल्या वाड्याचा विनोदी भयपट म्हणून ओळखला जातो. मला तो भाऊबंदकीचा चित्रपट वाटतो. त्यातले खरे भूत म्हणजे मृत्युपत्रातली एक अट.

सुरुवातीलाच सायरस वेस्ट हा आजारी, धनाढ्य म्हातारा दिसतो. वाड्याच्या मनोऱ्यांच्या जागी औषधाच्या प्रचंड बाटल्या येतात आणि त्याच्याभोवती अजस्र मांजरे पंजे उगारतात. ही मांजरे म्हणजे त्याचे नातेवाईक. त्यांच्या हावेनेच त्याला वेड लागले. आपल्या मृत्यूनंतर २० वर्षे मृत्युपत्र उघडायचे नाही, असे तो बजावतो. मुदत संपते त्या मध्यरात्री कळते, की सगळी संपत्ती ॲनाबेल या दूरच्या नात्यातल्या तरुणीची आहे. मात्र ती शहाणी असल्याचे डॉक्टरने सांगायला हवे. नाहीतर दुसऱ्या पाकिटातले नाव वारस ठरेल.

आपल्याकडे ‘मी पूर्ण शुद्धीत आहे’ असे मृत्युपत्र करणारा लिहितो. १९२५ च्या भारतीय उत्तराधिकार कायद्यातही शुद्धीची अट त्यालाच आहे. वेस्टने ती उलटवून वारसावर घातली. मला वेडे केलेत, आता तुम्ही शहाणे असल्याचे दाखवा, असा हा सूड. लेनीचा काळा विनोद असा, की सूड उगवला जातो तो निरपराध मुलीवर आणि मांजरांच्या हाती नवे हत्यार येते. भिंतीतून निघालेला हात झोपलेल्या ॲनाबेलच्या गळ्यातले हिरे हिसकावतो, आणि शंका घेतली जाते ती तिच्याच डोक्यावर. तिला तपासायला आलेला डॉक्टर तर तिच्याहून भीतिदायक! पलंगाखाली लपणाऱ्या पॉलचे विनोद मधे रेंगाळतात, हे मान्य. पण या प्रसंगांत हसता हसता आपण चपापतो.

माझ्या चपापण्याला घरचे कारण आहे. आमच्या एका वडीलधाऱ्यांनी घर धाकट्या मुलीच्या नावे केले, तेव्हा ‘म्हाताऱ्याला भ्रम झालाय’ असे बैठकीत कुणीतरी म्हणाले. त्यांची शुद्ध मला ठाऊक होती. आदल्याच दिवशी त्यांनी माझ्या हिशेबातली चूक काढली होती. तरीही मी गप्प बसलो. लेनीच्या चौकटीत पंजे उगारणारी मांजरे दिसतात. नुसती बसून राहणारी मात्र आपली आपणच ओळखायची.