चांदीवरचा शब्द आणि तोंडचे वाक्य

मंडळी, लिहून जग बदलणारा लेखनिक आपल्याला नवा नाही. बाळाच्या पाचवीला पाटावर कोरा कागद आणि लेखणी ठेवायची, रात्री सटवाई येते आणि नशीब लिहून जाते, हे आपल्याकडे घरोघरी होत आले आहे. पण सटवाईला पगार नाही, तिच्यावर साहेब नाही, शाईचा खर्च कोण करतो हे कुणी विचारत नाही. आर. एफ. क्वांग यांच्या 'बाबेल' (२०२२) या इंग्रजी कादंबरीकडे आम्ही वळलो ते याचसाठी. तिच्यात नशीब लिहिणे ही चक्क नोकरी आहे. परीक्षा आहेत, उमेदवारी आहे, विद्यावेतन आहे आणि मालकही आहे.

ज्यांनी वाचलेली नाही त्यांच्यासाठी थोडक्यात सांगतो. शेवटही सांगणार आहोत, त्याला इलाज नाही. काळ १८३०चे दशक, स्थळ ऑक्सफर्ड. तिथे भाषांतरकारांचा एक मनोरा आहे, बाबेल. चांदीच्या कांबीवर एका बाजूला एका भाषेतला शब्द कोरायचा, दुसऱ्या बाजूला दुसऱ्या भाषेतला त्याचा जोडीदार. दोन्ही उच्चारले की भाषांतरात जो अर्थ निसटतो, तो प्रत्यक्षात उतरतो. कँटनमध्ये महामारीने मरायला टेकलेला मुलगा अशाच कांबीने वाचतो. इंग्रजीत 'ट्रीकल' म्हणजे काकवी, पण त्या शब्दाचे जुने फ्रेंच रूप म्हणजे विषावरचा उतारा. विसरलेला उतारा चांदीतून परत येतो. त्या मुलाला पुढे रॉबिन हे इंग्रजी नाव मिळते. त्याला वाचवणारा प्राध्यापक त्याच्या आईला मात्र वाचवत नाही. चिनी बोलणारा मुलगा त्याला हवा असतो, आई नको असते.

आता एक अट बघा. कांब नुसती कोरून भागत नाही. कोरणाऱ्याला दोन्ही भाषा हाडीमासी मुरलेल्या हव्यात, स्वप्ने त्या भाषेत पडायला हवीत. शिवाय युरोपातल्या भाषा एकमेकींत इतक्या मिसळत चालल्या आहेत की त्यांच्या जोड्यांतला जोर कमी होतो आहे. म्हणून मनोऱ्याला दूरची माणसे लागतात: कँटनचा रॉबिन, कोलकात्याचा रामी, हैतीत जन्मलेली व्हिक्त्वार. चांदी मालकाची, पण ती चालते या मुलांच्या मातृभाषेवर. क्वांग यांची ही कल्पना अस्सल आहे. जादू म्हणून तिचे कौतुक झाले. आम्हाला ती मजुरीची कल्पना म्हणून अधिक मोलाची वाटते.

शिवाय ती हवेतली नाही. ऑक्सफर्डचे संस्कृतचे बोडेन अध्यासन ज्याच्या पैशातून उभे राहिले, तो कर्नल बोडेन ईस्ट इंडिया कंपनीच्या मुंबई फौजेतला. १८११च्या मृत्युपत्रात त्याने हेतू स्पष्टच लिहिला होता: संस्कृतचे ज्ञान वाढावे, म्हणजे हिंदुस्थानातल्या लोकांना ख्रिस्ती करणे सोपे जाईल. १८३२ साली होरेस हेमन विल्सन तिथे पहिले प्राध्यापक झाले. त्याच्या एकच वर्ष आधी मुंबईत मोल्सवर्थचा मराठी-इंग्रजी कोश छापून निघाला. त्यामागे आपल्या शास्त्र्यांची वर्षानुवर्षांची मेहनत होती. कोशाला नाव मिळाले मोल्सवर्थचे. आजही आपण 'मोल्सवर्थ काढून बघ' असेच म्हणतो की नाही?

इथपर्यंत आम्ही लेखिकेच्या बाजूचे. तक्रार पुढे आहे आणि ती तत्त्वज्ञानाची आहे.

बाबेलचे लेखनिक बहुतेक ठिकाणी शब्द कोरतात, वाक्य नाही. म्हणजे अर्थ शब्दाच्या पोटात बसलेला असतो, आणि दोन पोटांतला फरक मोजता येतो, असे या जादूने गृहीत धरले आहे. हे खरे आहे का? एक मराठी शब्द घेऊन बघू. मनोऱ्यात एखादी मराठी मुलगी गेली असती आणि तिने 'उष्टे' हा शब्द कोरला असता तर? दुसऱ्या बाजूला इंग्रजी 'लेफ्टओव्हर'. निसटते ते पुष्कळ. इंग्रजी शब्दात उरलेले अन्न आहे, तोंड लागलेले अन्न नाही. पण मग चांदीतून काय बाहेर पडेल? 'आईने बाळाचे उष्टे खाल्ले' यात माया आहे. 'गड्याला अंगणात उष्टे वाढले' यात अपमान आहे, जातीचा अपमान आहे. ओमप्रकाश वाल्मीकींनी आपल्या आत्मकथेला 'जूठन' हे नाव दिले ते याच दुसऱ्या वाक्यातून आले. शब्द तोच. कांब कुणाला जवळ घेईल आणि कुणाला अंगणात बसवेल, हे एकटा शब्द ठरवूच शकत नाही. कोण, कुणाला, कुठे वाढतो आहे हे वाक्यात कळते.

भर्तृहरीने 'वाक्यपदीया'त हेच धरून ठेवले आहे. अर्थ अखंड वाक्याला असतो. सुटे शब्द ही व्याकरण शिकवण्यासाठी केलेली काटछाट. आणि गंमत म्हणजे खुद्द ऑक्सफर्डच्याच जे. एल. ऑस्टिन यांनी १९५५च्या हार्वर्डमधल्या व्याख्यानांत पुढची पायरी दाखवली. काही वाक्ये उच्चारली की कृती घडते, पण उच्चारणाऱ्याला तसा अधिकार असावा लागतो. अधिकाऱ्याने सात-बाऱ्याचा फेरफार मंजूर केला की जमीन एकाची दुसऱ्याच्या नावावर लागते. तीच ओळ तुम्ही-आम्ही कितीही सुबक अक्षरात लिहिली तरी बांध इंचभर हलत नाही. हीसुद्धा लिहून जग बदलण्याचीच नोकरी, आणि तिला चांदी लागत नाही.

क्वांग यांच्या बाजूने कुणी म्हणेल, म्हणूनच तर भाषा जगणारा माणूस त्यांनी आवश्यक ठरवला. अर्धे उत्तर म्हणून आम्ही हे मान्य करू. पण माणसाच्या मनातला सगळा संदर्भच काम करत असेल, तर शब्दांच्या जोडीला इतके शास्त्रीय रूप देण्याचे कारण उरत नाही. कादंबरीत वर्गातली व्याख्याने आणि तळटीपा फार आहेत. वाचकाला स्वतः काही जोडू द्यायला लेखिका तयार नाहीत. (व्याख्यान फार लांबते ही तक्रार आम्ही करावी, यावर तुम्ही हसणार. हसा.)

आणि तरीही कादंबरीतला सर्वांत चांगला प्रसंग लेखिकेच्या जादूविरुद्धच साक्ष देतो. कँटनला अफूची बोलणी चालू आहेत. आयुक्त लिन झ्श्यू यांच्यासमोर रॉबिन दुभाषा म्हणून उभा आहे. इंग्रज व्यापारी बोलतो, रॉबिन चिनीत सांगतो. मग आयुक्त त्याला एकट्याला थांबवून विचारतात, आणि रॉबिन पहिल्यांदाच दुसऱ्याचे नव्हे तर स्वतःचे वाक्य बोलतो. इथे ना कांब ना कोरीवकाम. त्यानंतर कादंबरीत अफू नष्ट होते आणि युद्ध अटळ होते. इतिहासातही लिन यांनी १८३९ साली वीस हजारांहून अधिक पेट्या अफू नष्ट केली. त्यात मुंबई बंदरातून गेलेली माळव्याची अफूही होती, हे आपण विसरू नये. सबंध पुस्तकात इतके मोठे काम दुसऱ्या कुठल्याच भाषांतराने केलेले नाही, आणि ते एका दुभाषाने, योग्य माणसापुढे, योग्य क्षणी बोललेल्या वाक्याने केले.

पुढे संप होतो. रॉबिन आणि त्याचे साथी मनोरा ताब्यात घेतात आणि कांबींची देखभाल थांबवतात. वेस्टमिन्स्टरचा पूल कोसळतो. न लिहिल्याने जग बदलते, ही कल्पना आम्हाला फार आवडली. मालकाला लेखनिकाची खरी किंमत कळते ती त्याने टाक खाली ठेवल्यावर. शेवटी 'भाषांतर' याच अर्थाच्या शब्दांची जोडी चांदीवर उच्चारून ते मनोरा पाडतात, आणि रॉबिन त्यात मरतो. ही युक्ती चतुर आहे, पण पुन्हा शब्दाचीच.

व्हिक्त्वार तेवढी निसटते. हैतीची क्रिओल ही तिची भाषा, पण मनोऱ्याला तिच्याकडून हवी होती फ्रेंच. क्रिओलला चांदीच्या बाजारात भाव नव्हता, म्हणून ती तिच्याकडून कुणी काढून घेतली नाही. त्या भाषेत ती पुढे काय बोलली, कुणाशी बोलली, हे क्वांग लिहीत नाहीत. आम्हाला ते पुस्तक वाचायला आवडले असते.