पदवी आणि पारंब्या

जयवंत दळवींनी आपल्याच ‘अंधाराच्या पारंब्या’ या कादंबरीवरून ‘बॅरिस्टर’ हे नाटक लिहिले. त्यावरून विजया मेहता यांनी ‘रावसाहेब’ हा हिंदी चित्रपट केला. या रूपांतरांची चर्चा बहुधा अभिनयाभोवती फिरते. मला मात्र तिन्ही शीर्षके बोलकी वाटतात. कादंबरीच्या नावात घराण्याचा अंधार आहे, नाटकाच्या नावात विलायती पदवी, चित्रपटाच्या नावात नुसता मान. विधवाविवाहाला कायद्याने १८५६ सालीच मान्यता दिली होती. तरुण विधवा राधेचा हात धरायला बॅरिस्टरांना कायद्याची आडकाठी नव्हती, आणि कायदा तर ते विलायतेत शिकून आलेले. तरी ते कचरतात. म्हणून ‘बॅरिस्टर’ हे शीर्षक मी उपरोधाचे मानतो. दळवींचा खरा रोख रूढीपेक्षा सुधारकाच्या कच्च्या धैर्यावर आहे.