संकलकाचे कर्तृत्व : रेणू सलुजा यांच्या निमित्ताने

'अर्धसत्य' (१९८३) या हिंदी चित्रपटाविषयी मराठी समीक्षेला आस्था वाटावी, हे स्वाभाविकच आहे. श्री. दा. पानवलकरांची 'सूर्य' ही कथा, विजय तेंडुलकरांची पटकथा आणि दिलीप चित्रे यांची कविता त्यात एकत्र आली. या सामग्रीला पडद्यावरील अंतिम क्रम आणि लय देणाऱ्या संकलक रेणू सलुजा (१९५२–२०००) यांचे नाव मात्र कर्तृत्वाच्या चर्चेत सहसा येत नाही.

वेलणकरला वडिलांनी आईला केलेली मारहाण आठवते, तेव्हा भूतकाळ वर्तमानात घुसतो. कथावाङ्मयात हे कार्य निवेदक करतो; चित्रपटात ते दोन दृश्यांमधला सांधा करतो. स्मृती कोठे उसळावी आणि किती क्षण टिकावी, यावर वेलणकरच्या हिंसेचा अर्थ अवलंबून आहे. संकलन हे या अर्थाने अर्थनिर्णयन आहे.

पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमधून १९७६ साली बाहेर पडलेल्या सलुजा यांनी 'जाने भी दो यारो'चेही संकलन केले. तो चित्रपटही १९८३ चाच. त्यातील महाभारताच्या प्रवेशात गोंधळ वाढू देणारा संयम आहे. 'परिंदा'त (१९८९) कबुतरांच्या फडफडाटात होणाऱ्या हत्येला तुकड्यातुकड्यांची लय आहे. 'परिंदा', 'धारावी', 'सरदार' आणि 'गॉडमदर' या चित्रपटांसाठी त्यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाले. या चौघांना जोडणारी एकच एक शैली शोधू जाता हाती काही लागत नाही. शैलीच्या पुनरावृत्तीवरून कर्ता ओळखणाऱ्या समीक्षापद्धतीची मर्यादा येथे उघड होते.

अंतिम निर्णय दिग्दर्शकाचा असतो, मग संकलकाचा वाटा वेगळा कसा काढावा, असा आक्षेप घेता येईल. तो रास्त आहे. परंतु नाट्यसंहिता आणि प्रयोग यांतील कर्तृत्वाचा गुंताही मराठी समीक्षेने अवघड म्हणून सोडून दिलेला नाही.

सांधा जाणवू न देणे हा संकलनाचा प्रचलित आदर्श आहे. कलाकृतीतील या गुणाचे समीक्षेतील अनुल्लेखात रूपांतर व्हावे, हे मात्र समर्थनीय नाही. स्त्रीच्या बाबतीत तर हा अनुल्लेख अधिकच सहज पचतो. दुसऱ्याचा पसारा नीट लावणे हे तिचे कामच, असे गृहीत धरले जाते. सलुजा यांना दिग्दर्शकाच्या आसनावर बसवून हा प्रश्न सुटणार नाही. कलाकृतीला एकच आसन असते, ही कल्पनाच तपासावी लागेल.