केश्या आणि किसना : गिरीश कुलकर्णी यांचे लेखन व अभिनय

मराठी चित्रपटात पटकथाकार आणि नट यांची कामे सहसा वेगळ्या व्यक्तींकडे असतात. गिरीश कुलकर्णी यांच्याकडे ती एकत्र आली. या योगाने त्यांना काय दिले आणि काय नाकारले, हा प्रश्न त्यांच्या कारकिर्दीचा विचार करताना टाळता येत नाही.

उमेश कुलकर्णी दिग्दर्शित ‘वळू’ (२००८) मध्ये मोकाट वळू निमित्तमात्र आहे. त्याला पकडण्याच्या खटाटोपात गावाची फुशारकी आणि हेवेदावे बोलू लागतात. सती भावे यांच्यासह लिहिलेल्या ‘विहीर’ (२००९) मध्ये हाच लेखक शब्द आवरतो. नचिकेतच्या मृत्यूनंतर समीरच्या मनात जे घडते ते संवादांच्या पलीकडचे आहे, ही जाण त्या पटकथेच्या मुळाशी आहे.

‘देऊळ’ने (२०११) त्यांना अभिनय आणि संवाद या दोहोंसाठी राष्ट्रीय पुरस्कार मिळवून दिले. गुराखी केश्याला दत्ताचे दर्शन घडते, आणि रुग्णालयाची वाट पाहणाऱ्या गावात देऊळ उभे राहते. प्रत्येकाच्या स्वार्थाला भक्तीची भाषा कशी सापडते, हे येथील संवाद अचूक दाखवितात. तथापि, लेखकाने स्वतःतील नटासाठी सर्वांत निरागस भूमिका राखून ठेवली आहे. केश्या व्यथित होतो. पण ती दुखावलेल्या भक्ताची व्यथा असते. ज्या साक्षीवर सारा बाजार उभा राहिला, तिची चिकित्सा त्याला करावी लागत नाही. उपहासाची धार इतरांवर चालते. केश्या तिच्यापासून सुरक्षित राहतो.

सतीश मन्वर यांच्या ‘गाभ्रीचा पाऊस’ (२००९) मध्ये हे संरक्षण नाही. विदर्भातील शेतकरी किसना पावसाच्या भरवशावर पुन्हा पेरणी करतो. तो आत्महत्या करील या धास्तीने पत्नी अलका त्याच्यावर लक्ष ठेवते. त्याचा भाबडेपणा गुण म्हणून मिरवत नाही. हट्ट आणि आशा त्यात वेगळ्या काढता येत नाहीत. अनुराग कश्यप यांच्या ‘अग्ली’तील (भारतात प्रदर्शन २०१४) पोलीस अधिकारी तर वेळ काढणाऱ्या गप्पांनाच छळाचे साधन बनवितो. जे बोलघेवडेपण ‘वळू’त हसविते, तेच येथे भयावह होते.

कुलकर्णी यांच्या लेखणीने गावाला वाचा दिली, हे त्यांचे श्रेय निर्विवाद आहे. पण त्या गावाच्या अपराधात सहभागी असलेला माणूस साकारण्याची संधी त्यांच्यातील नटाला अधिक ठळकपणे इतरांच्या पटकथांनी दिली, हेही नोंदविले पाहिजे.