शेख महंमद : चरित्रकथा आणि ग्रंथ

श्रीगोंद्याचे सतराव्या शतकातील संतकवी शेख महंमद ह्यांची लोकमानसातील ओळख मुख्यतः चमत्कारकथांतून घडली. देहूच्या कीर्तनमंडपास लागलेली आग त्यांनी श्रीगोंद्यात बसून विझविली, ही आख्यायिका सर्वश्रुत आहे. नगर जिल्ह्यातीलच ताहराबादच्या महिपतींनी 'भक्तविजया'त (१७६२) त्यांना संतमालिकेत स्थान दिले.

परंतु आख्यायिकेतील सौम्य सिद्धपुरुष आणि 'योगसंग्राम' (१६४५) ह्या ओवीग्रंथाचा कर्ता ह्यांत मोठे अंतर आहे. ग्रंथाचे रूपकच युद्धाचे : त्यात जीव विकारांशी झुंजतो. भोंदू गुरू व क्षुद्रदैवतांची उपासना ह्यांवर कवी कठोर प्रहार करतो. तो स्वतःस 'अविंध' म्हणवितो आणि गोविंदभक्तीसाठी आपले नाव टाकीत नाही. केवळ समन्वयाचे प्रतीक म्हणून त्याचा गौरव करणारी समीक्षा ही धार बोथट करते.

श्रीगोंद्यातील त्यांच्या स्थानास कोणी समाधी म्हणतात, कोणी दर्गा. ग्रंथकर्त्याने ही निवड केलीच नव्हती. वा. सी. बेंद्रे ह्यांनी त्यांचे वाङ्मय संपादून उपलब्ध करून दिल्यानंतर तरी चरित्रकथा ग्रंथाच्या कसोटीवर पारखणे हे अभ्यासकांचे कर्तव्य ठरते.