सरहद नावाचे स्थानक

जयंत नारळीकर (1938–2025) यांच्या ‘गंगाधरपंतांचे पानिपत’ या कथेचा विचार साहजिकच एका गोळीभोवती फिरतो. आपल्या परिचित विश्वात ती गोळी विश्वासरावांचा प्राण घेते. दुसऱ्या विश्वात ती कानाजवळून निघून जाते आणि मराठे 1761 चे युद्ध जिंकतात. दोन विश्वांमधील सीमारेषा या एका क्षणात आहे, असे कथाच अखेरीस राजेंद्र देशपांडे या पात्राच्या तोंडून सांगते. उत्पाताचा सिद्धान्त आणि पुंजभौतिकीतील अनिश्चितता यांचा आधारही ती त्यासाठी देते. वाचक हे स्पष्टीकरण स्वीकारतो आणि कथेला विज्ञानरंजनाच्या कप्प्यात ठेवून मोकळा होतो. मात्र या संहितेत आणखी एक सीमा आहे. ती अवकाशातली आहे, तिला नाव आहे आणि तिथे गाडी थांबते. या सीमेकडे जरा बारकाईने पाहिले, तर त्या स्पष्टीकरणात न बसणारे काहीतरी हाती लागते.

‘द ॲडव्हेंचर’ या नावाने अकरावीच्या ‘हॉर्नबिल’ या पाठ्यपुस्तकात समाविष्ट झालेल्या इंग्रजी रूपात हा प्रसंग अवघ्या काही ओळींचा आहे. पुण्याहून निघालेली जिजामाता एक्सप्रेस लोणावळा, कर्जत आणि कल्याण मागे टाकते आणि एका लांब बोगद्यापलीकडे लहानशा स्थानकावर थांबते. स्थानकाचे नाव सरहद. गणवेशातील एक अँग्लो-इंडियन अधिकारी डब्यातून परवाने तपासत जातो. सहप्रवासी खानसाहेब सहज सांगतात की ब्रिटिश राज्य इथून सुरू होते. पुढे दिसणाऱ्या उपनगरी गाड्यांच्या निळ्या डब्यांवर छोटे युनियन जॅक रंगवलेले आहेत.

युरी लोतमान यांनी 1970 मध्ये मांडलेल्या विचारानुसार कथनातील ‘घटना’ म्हणजे पात्राने एका अर्थक्षेत्राची सीमा ओलांडणे. या कसोटीवर ही कथा विलक्षण ठरते. गंगाधरपंत दोन सीमा ओलांडतात. पहिली पुण्यात, ट्रकच्या धडकेच्या क्षणी. ही खरी घटना. पण ती ओलांडणाऱ्यालाच कळत नाही आणि तिचे थेट कथनही होत नाही. दुसरी सरहद स्थानकावर. तिचे कथन तपशिलाने होते, पण खानसाहेबांसारख्या नेहमीच्या प्रवाशाच्या लेखी ती घटनाच नव्हे. गूढ सीमेवर पहारा नाही आणि पहाऱ्याच्या सीमेत काही गूढ नाही, अशी ही रचना वरवर वाटते. गूढ नेमके या दुसऱ्या सीमेतच आहे, हे दिसण्यासाठी नकाशा उघडावा लागतो.

कल्याणनंतरचा तो लांब बोगदा म्हणजे बहुधा पारसिकचा. तो ओलांडला की कळवा, मग खाडी, मग ठाणे, म्हणजेच साष्टी बेट. सरहद हे स्थानक अशा रीतीने साष्टीच्या पाण्याच्या काठावर येऊन पडते. आता वास्तवातील इतिहास पाहावा. मराठ्यांनी 1737 मध्ये ठाणे आणि 1739 मध्ये वसई पोर्तुगिजांकडून घेतली. त्या मोहिमेत खाडीच्या मुखावरचा धारावीचा किल्ला मोक्याचा होता. तो आजच्या मिरा-भाईंदरच्या पश्चिम भागात येतो. त्यानंतर सुमारे पस्तीस वर्षे खाडीच्या दोन्ही तीरांवर पेशव्यांचाच अंमल होता, आणि इंग्रजांची मुंबई माहीमच्या खाडीपाशी संपत होती. 1774 च्या डिसेंबरअखेरीस इंग्रजांनी ठाण्याचा किल्ला घेतला. 1782 च्या सालबाईच्या तहाने साष्टी त्यांच्याकडे राहिली आणि वसई पेशव्यांकडे परत आली. परिणामी भाईंदरच्या उत्तरेची वसईची खाडी 1817 पर्यंत दोन राज्यांमधली सीमा होऊन राहिली. भाईंदर एका राज्यात, समोर दिसणारे नायगाव दुसऱ्या राज्यात. मधले पाणी आज लोकल काही मिनिटांत ओलांडते, आणि डब्यातले कोणी त्यासाठी मान वर करून पाहत नाही.

म्हणजे साष्टीभोवतीची सरहद पानिपतच्या पराभवानंतरच्या इतिहासात प्रत्यक्ष अस्तित्वात होती. पानिपतोत्तर दुर्बलता, राघोबादादांचा गृहकलह आणि मुंबईकर इंग्रजांची घाई यांतून ती निर्माण झाली. मग पानिपत जिंकलेल्या विश्वात ती आली कोठून? तिथे साष्टी मराठ्यांकडे राहायला हवी होती, सरहद माहीमला पडायला हवी होती आणि भाईंदर स्वराज्यात असायला हवे होते. कल्पित विजयाने सारा हिंदुस्थान परत मिळवला, पण नकाशावर पराभवाने ओढलेली रेषा तशीच राहू दिली.

यावर एक उत्तर संभवते. कथेतील विश्वात मुंबई इंग्रजांकडे 1908 च्या तहानुसार भाडेपट्ट्याने आहे आणि तो पट्टा 2001 मध्ये संपणार आहे. व्यापारासाठी अधिक प्रदेश त्याच तहात दिला गेला असेल. हे तर्काला धरून आहे, परंतु संहिता तसे कोठे म्हणत नाही. शिवाय या उत्तराने प्रश्न मिटत नाही, फक्त पुढे ढकलला जातो: विजयी सत्तेने साष्टी आपण होऊन का द्यावी? लेखकाच्या बेसावधपणाचा हा प्रकार असेल असे म्हणून तो सोडून देणेही बरोबर नाही. मुंबईकडे येणाऱ्या माणसाच्या मनात ‘आता मुंबई लागली’ ही जाणीव खाडीच्या पुलावरच होते. मिरा-भाईंदर तर साष्टीतच असूनही ठाणे जिल्ह्यात आहे आणि दहिसरच्या नाक्यावर 2017 च्या जुलैपर्यंत जकातीसाठी मालट्रक थांबत होते. कल्पनाविश्व रचतानाही लेखकाची स्मृती या अनुभवाच्या बाहेर गेली नाही, असे म्हणणे अधिक न्याय्य.

या पार्श्वभूमीवर बखरीच्या पानाचा विचार वेगळ्या रीतीने करावा लागतो. गंगाधरपंत टाऊन हॉलच्या ग्रंथालयात भाऊसाहेबांची बखर वाचतात आणि तिचे एक पान नकळत त्यांच्या खिशात राहते. परवान्याविना सीमा ओलांडून आपल्या विश्वात येणारी ही एकच वस्तू, आणि राजेंद्रपुढे तोच पुरावा ठरतो. वि. का. राजवाड्यांनी 1898 मध्ये ‘मराठ्यांच्या इतिहासाची साधने’च्या पहिल्या खंडाला लिहिलेल्या प्रस्तावनेत बखरींच्या विश्वसनीयतेवर कठोर आक्षेप घेतले होते, आणि तो खंड पानिपतपर्यंतच्या कागदांचाच होता. व्यवसायाने इतिहासकार असलेल्या नायकाचा बखरींवर फारसा भरवसा नाही, हे कथा सूचित करते. तरी शेवटी साक्ष काढते ती बखरीचीच. ही विसंगती नारळीकरांनी जाणून योजली असावी, आणि कथेतील सर्वांत सूक्ष्म भाग तोच आहे.

ते पान मात्र फक्त गोळीची साक्ष देते. ग्रंथालयात गंगाधरपंतांनी चाळलेला इतिहास पानिपतच्या विजयावरून वेगाने विसाव्या शतकाकडे जातो. 1774 हे साल त्यात येत नाही.