कॅलेब ॲटवॉटर यांचे ‘किल्ले’

अमेरिकेतील ओहायो राज्यात प्राचीन मूलनिवासी समाजांनी उभारलेले मातीचे बांध, वर्तुळे व टेकाडे विखुरलेली आहेत. त्यांचे आरंभीचे विस्तृत वर्णन सर्कलव्हिल येथील वकील व पोस्टमास्तर कॅलेब ॲटवॉटर यांनी केले. ते अमेरिकन अँटिक्वेरियन सोसायटीने १८२० साली प्रसिद्ध केले. हा लेखक मोजतो तेव्हा विश्वसनीय असतो. नाव देतो तेव्हा मात्र वाचकाने सावध राहावे.

सर्कलव्हिलच्या रचनेला तो ‘किल्ला’ म्हणतो. वर्तुळाभोवती दुहेरी तट व मध्ये खंदक, त्याला लागून एक चौकोन, आणि चौकोनास आठ द्वारे, हे सारे त्यानेच नोंदविले आहे. आठ द्वारे उघडी ठेवणारा हा कसला किल्ला? न्यूअर्कच्या महावर्तुळात तर खंदक तटाच्या आत आहे. शब्द आधी ठरला आणि पुरावा त्याच्या मागून फरफटत आला, असेच म्हणावे लागते.

याहून उद्बोधक प्रमाद पुढे आहे. कंबरलँड नदीच्या परिसरात सापडलेल्या त्रिमुखी मृत्पात्रात ॲटवॉटर यांना ब्रह्मा, विष्णू, महेश दिसले, आणि टेकाडे रचणारे लोक हिंदुस्थानाशी जोडले गेले. या अनुमानास सर विल्यम जोन्स यांच्या परंपरेतील लेखनाचा आधार घेतलेला आहे. वस्तुतः जोन्स यांनी १७८६ साली भाषांचे नाते सांगितले ते धातू व व्याकरणरूपे यांतील साम्यावरून. एखाददुसऱ्या सुट्या सादृश्यावरून नव्हे. (स्थलनामांच्या व्युत्पत्ती लावताना आपल्याकडेही हा मोह सुटलेला नाही.)

तरीही हा ग्रंथ टाकाऊ नाही. सर्कलव्हिलची वर्तुळाकार नगररचना १८३७ ते १८५६ या काळात मोडून चौकोनी करण्यात आली. मूळ तट आज दिसत नाहीत. न्यूअर्कच्या रचनेचे काही भाग आधी कालव्याने व मागाहून रेल्वेमार्गाने नाहीसे केले. ॲटवॉटर स्वतः कालव्यांचे पुरस्कर्ते होते, हे विसरता येत नाही. जे उरले नाही त्याच्यासाठी आज त्यांच्याच मापांकडे जावे लागते, आणि ‘किल्ला’ हा शब्द वगळून वाचले तर ती मापे पुष्कळ सांगतात.

२०२३ साली यातील आठ स्थळे ‘होपवेल विधिस्थाने’ म्हणून जागतिक वारसा यादीत आली. त्यांपैकी एकाचे नाव अद्याप ‘फोर्ट एन्शंट’, म्हणजे ‘प्राचीन किल्ला’, असेच आहे.